लेवी एश्कोल आणि आपले बेने इस्रायल



आपल्या मुलुंडहून कल्याणकडे जाणारी गाडी धरली की पुढचेच स्टेशन ठाणे. तेथे टेंभी नाक्यापाशी ज्यू लोकांचे एक प्रार्थनामंदिर आहे. 'शआर हाशामाईम', म्हणजे स्वर्गाचे दार, हे त्याचे नाव. ते १८७९ साली बांधले गेले. आपल्यापैकी कित्येकजण त्याच्यासमोरून गेले असतील. परंतु आत प्रार्थना करणारी माणसे घरी आपल्यासारखेच मराठी बोलतात, त्यांची आडनावे पेणकर, रोहेकर, चेउलकर, अष्टमकर अशी असतात, आणि नवस फेडताना ती पोहे, नारळ व साखर यांचा मलिदा वाटतात, हे फार थोड्यांना ठाऊक असते.

आजचा माझा विषय इस्रायलचे तिसरे पंतप्रधान लेवी एश्कोल हा आहे. परक्या देशाच्या, आज विस्मृतीत गेलेल्या पुढाऱ्याचे चरित्र आपण कशासाठी ऐकावे, असा प्रश्न कोणी विचारील. त्याला माझे उत्तर असे की, १९६४ साली ह्या गृहस्थांच्या दारात जो एक तंटा आला, तो आपल्या कुलाबा जिल्ह्यातून आणि मुंबईच्या चाळींतून गेलेल्या माणसांचा होता. आणि दुसरे असे की, एश्कोल हे आयुष्यभर तडजोडीचे राजकारण करीत आले. कामगार चळवळीत ज्याची हयात गेली त्याला तडजोडीचे गुण आणि दोष दोन्ही ठाऊक असतात. कोणती तडजोड न्यायाच्या बाजूला झुकते आणि कोणती पुढच्या पिढीच्या गळ्यात धोंड म्हणून पडते, हे ह्या एकाच माणसाच्या चरित्रात स्पष्ट दिसते.

प्रथम आपल्या माणसांची ओळख करून घेऊ. बेने इस्रायल म्हणजे इस्रायलची लेकरे. त्यांच्यात पिढ्यान् पिढ्या सांगितली जाणारी कथा अशी की, अनेक शतकांपूर्वी अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्याला त्यांच्या पूर्वजांचे गलबत फुटले आणि सात पुरुष व सात स्त्रिया तेवढ्या वाचल्या. धर्मग्रंथ समुद्रात गेले. लक्षात राहिले ते थोडेच : सुंता, शनिवारचा विसावा, खाण्यापिण्याचे काही निर्बंध आणि एक प्रार्थना. त्यांनी कोकणात तेलाचा घाणा धरला. शनिवारी घाणा बंद, म्हणून गावकरी त्यांना 'शनवार तेली' म्हणू लागले. पुढे अठराव्या शतकात ही माणसे मुंबईस आली, कंपनीच्या पलटणीत शिरली. त्यांच्यातील सॅम्युएल इझिकेल दिवेकर ह्या सुभेदारांनी १७९६ साली मुंबईत त्यांचे पहिले प्रार्थनामंदिर बांधले. नंतर रेल्वे, पोस्ट, इस्पितळे, सरकारी कचेऱ्या अशा सर्व ठिकाणी ही माणसे दिसू लागली. १९३७ साली त्यांच्यापैकी डॉ. एलिजा मोझेस मुंबईचे महापौर झाले, वरळीचा डॉ. ई. मोझेस रोड त्यांच्याच नावाचा. धर्मावरून कोणी त्यांचा छळ केला असे मुंबई-कोकणात घडले नाही, आणि हे त्यांनी स्वतः वारंवार सांगितले आहे.

आता एश्कोल यांच्याकडे वळू. त्यांचा जन्म २५ ऑक्टोबर १८९५ रोजी, आज युक्रेनमध्ये असलेल्या ओरातोव्ह गावी झाला. मूळ आडनाव श्कोल्निक. तेव्हा तेथे रशियाच्या झारची सत्ता होती. ज्यूंवर शिक्षणाचे, राहण्याचे, धंद्याचे निर्बंध होते, आणि मधूनमधून त्यांच्या वस्त्यांवर हल्ले होत. विल्ना येथे शिक्षण घेऊन हा तरुण १९१४ च्या आरंभी पॅलेस्टाईनमध्ये उतरला. पेताह तिक्वा येथे त्याने मजूर म्हणून काम केले, पाण्याचे पाट खणले. पहिल्या महायुद्धाच्या अखेरीस तो ज्यू पलटणीत गेला. १९२० साली गालीलच्या सरोवराजवळ देगानिया बेत ही सामुदायिक वसाहत ज्यांनी उभी केली, त्यांत तो एक होता.

त्याच वर्षी डिसेंबरमध्ये हैफा येथे 'हिस्ताद्रुत' ही कामगारांची मध्यवर्ती संघटना स्थापन झाली. तिच्या संस्थापकांतही एश्कोल होते. योगायोग पाहा : आपली अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेस लाला लजपतराय यांच्या अध्यक्षतेखाली मुंबईत स्थापन झाली ती ३१ ऑक्टोबर १९२० रोजी. दोहोंत जेमतेम पाच-सहा आठवड्यांचे अंतर. पण दोन्ही संघटनांचे मार्ग अगदी वेगळे झाले, आणि ते का, हे समजल्यावाचून एश्कोल समजत नाहीत.

आपल्या युनियनसमोर मालक आधीच उभा होता. गिरणीचा भोंगा होता, गेट होते, मुकादम होता. युनियनने त्याच्याशी भांडून पगार, भत्ता, रजा मिळवावयाची होती. पॅलेस्टाईनमध्ये येणाऱ्या ज्यू मजुरांना कारखानेच नव्हते. म्हणून हिस्ताद्रुतने बांधकामाची कंपनी काढली, बँक काढली, दवाखाने आणि इस्पितळे काढली, मालविक्रीच्या सहकारी संस्था उभारल्या. थोड्या वर्षांत कामगारांची संघटना हीच देशातील एक मोठी मालक होऊन बसली. एका हाताने मागणीपत्र द्यावयाचे आणि दुसऱ्या हाताने ते घ्यावयाचे, अशी ती विचित्र स्थिती होती. तिचे फायदे पुष्कळ झाले. मजुराला औषधपाणी मिळाले, बेकाराला काम मिळाले. पण एक वैगुण्य जन्मापासून होते. ही संघटना ज्यू मजुरांची होती. ज्यू मालकाने ज्यू मजुरालाच कामावर ठेवावे, अशी चळवळ तिने केली, आणि शेजारच्या गावचा अरब मजूर त्या गेटाबाहेर राहिला. अरब कामगारांना पूर्ण सभासदत्व देण्याचा निर्णय व्हावयास १९५९ साल उजाडले. कामगारा-कामगारांत एकदा भिंत घातली की ती पाडावयास किती वर्षे लागतात, हे यावरून दिसते.

एश्कोल ह्या संघटनेच्या शाळेत तयार झाले. ते वक्ते नव्हते, तत्त्वज्ञ नव्हते. त्यांना पाणी, जमीन, पैसा आणि माणसे यांचा हिशेब कळे. १९३७ साली 'मेकोरोत' ही पाणीपुरवठ्याची कंपनी स्थापन करण्यात त्यांचा पुढाकार होता. १९४४ ते १९४८ ते तेल अवीवच्या कामगार मंडळाचे सचिव होते. १९४८ साली इस्रायल राष्ट्र स्थापन झाले आणि ज्यूइश एजन्सी ह्या संस्थेच्या वसाहत खात्याचे काम त्यांच्याकडे आले. जहाजे भरभरून माणसे येत होती; त्यांना तंबूत ठेवावयाचे, मग जमीन, पाणी, बियाणे, गुरे देऊन खेड्यांत बसवावयाचे. शेकडो नवी खेडी त्यांच्या देखरेखीखाली वसली. पण ही जमीन सर्वत्र ओसाड होती असे मात्र नाही. १९४८ च्या युद्धात सुमारे सात लाख पॅलेस्टिनी अरब निर्वासित झाले होते, आणि त्यांतील कित्येकांची शेते आता नव्या खेड्यांकडे गेली. एकाच्या पुनर्वसनाच्या कागदाखाली दुसऱ्याच्या विस्थापनाचा कागद होता.

१९५२ ते १९६३ एश्कोल अर्थमंत्री होते. १९५२ साली पश्चिम जर्मनीशी नुकसानभरपाईचा करार झाला. त्यावर देशात मोठा क्षोभ उसळला; मेलेल्यांचे मोल घेता काय, असे लोक विचारू लागले. त्या पैशातून जहाजे आणि यंत्रसामग्री आली, आणि तिचा विनियोग करणाऱ्यांत एश्कोल प्रमुख होते. त्यांच्या स्वभावावर एक विनोद त्या देशात सांगितला जातो. चहा घेणार की कॉफी, असे विचारल्यावर ते म्हणाले म्हणे, निम्मा चहा आणि निम्मी कॉफी. लोक हसत, पण विरुद्ध पक्षांची माणसे एका टेबलाभोवती बसविण्याचे काम इतक्या सहजतेने दुसऱ्या कोणास साधत नसे. जून १९६३ मध्ये बेन गुरियन यांनी राजीनामा दिला आणि एश्कोल पंतप्रधान झाले.

ह्याच काळात आपले बेने इस्रायल तेथे पोचले होते. स्वातंत्र्याच्या सुमारास भारतात सर्व मिळून सव्वीस हजारांच्या घरात ज्यू होते आणि त्यांत बेने इस्रायलच सर्वांत अधिक. १९५० च्या कायद्याने जगातील प्रत्येक ज्यूला इस्रायलमध्ये येऊन नागरिक होण्याचा हक्क मिळाला. तरुण मुले गेली, मग आईबाप गेले. मुंबईत कारकुनी किंवा रेल्वेची नोकरी करणारा मनुष्य बीरशेबाच्या वाळवंटात कुदळ घेऊन उभा राहिला. कष्टांबद्दल तक्रार नव्हती. तक्रार होती ती रंगावरून मिळणाऱ्या वागणुकीबद्दल. १९५१ साली ह्यांतील एका गटाने तेल अवीवला ज्यूइश एजन्सीच्या कचेरीपुढे ठिय्या दिला आणि आम्हाला परत भारतात पाठवा अशी मागणी केली. १९५२ साली शंभरावर माणसांना विमानाने मुंबईस परत आणण्यात आले. पुढे त्यांतील बहुतेकांनी पुन्हा इस्रायलला जाऊ द्या म्हणून अर्ज केले. याला काही जणांनी धरसोड म्हटले. मला तसे वाटत नाही. संपावर गेलेल्या कामगाराला गिरणी सोडावयाची नसते. त्याला त्याच गिरणीत मानाने काम करावयाचे असते.

खरा तंटा यापुढे आला. इस्रायलमध्ये ज्यूंचे विवाह आणि घटस्फोट हे १९५३ च्या कायद्याने धर्मगुरूंच्या, म्हणजे रब्बींच्या न्यायालयांकडे सोपविले आहेत. नोंदणी कचेरीत जाऊन लग्न लावण्याची सोय तेथे तेव्हा नव्हती आणि आजही नाही. काही रब्बी बेने इस्रायल मुलामुलींचे इतर ज्यूंशी विवाह लावण्यास नकार देऊ लागले. त्यांचे म्हणणे असे : ही माणसे शतकानुशतके ज्यू जगापासून तुटलेली होती, त्यांच्यात घटस्फोट शास्त्राप्रमाणे होत होते याला पुरावा काय? पहिला घटस्फोट शास्त्रोक्त नसेल तर दुसऱ्या विवाहाची संतती धर्माच्या दृष्टीने कलंकित, आणि अशांशी इतर ज्यूंनी लग्न करता कामा नये. वस्तुतः कोकणातल्या शेजाऱ्यांच्या रीतीभाती उचललेल्या ह्या समाजात घटस्फोट फार विरळ होता आणि विधवांचे पुनर्विवाहही क्वचितच होत. ज्या गोष्टीचा पुरावा मागितला जात होता, ती गोष्टच जवळजवळ घडत नव्हती.

ऑक्टोबर १९६१ मध्ये मुख्य रब्बी मंडळाने असे विवाह सरसकट निषिद्ध नाहीत असे जाहीर केले. पण फेब्रुवारी १९६२ मध्ये विवाह नोंदणाऱ्या रब्बींना सूचना गेल्या की, बेने इस्रायल व्यक्ती दुसऱ्या ज्यू समाजात लग्न करू लागल्यास तिच्या आई, आजी, पणजी अशी जितकी मागे जाता येईल तितकी चौकशी करावी. ह्यात अपमान कोठे होता ते नीट पाहा. गिरणीच्या गेटवर सुटताना सर्वांचीच झडती होत असेल तर कामगार कुरकुरत का होईना, हात वर करतो. पण झडती एकाच खात्याच्या कामगारांची व्हावी असा फलक लागला, तर त्यावर 'चोर' हा शब्द लिहावा लागत नाही. तो वाचला जातोच.

बेने इस्रायलांनी कृती समिती नेमली, सभा घेतल्या, मोर्चे काढले. १९६४ च्या उन्हाळ्यात त्यांची कुटुंबेच्या कुटुंबे जेरुसलेममध्ये येऊन ठिय्या देऊन बसली. हे शस्त्र त्यांना कोणी शिकविले हे आपणास सांगावयास नको. ज्यांचे बालपण मुंबईत १९३० आणि १९४२ च्या चळवळी पाहण्यात गेले, त्यांनी तेच जेरुसलेमच्या रस्त्यावर वापरले.

एश्कोल यांची अडचण अशी की, त्यांचे मंत्रिमंडळ धार्मिक पक्षाच्या पाठिंब्यावर उभे होते, आणि विवाहाचा अधिकार कायद्यानेच रब्बींना दिलेला होता. रब्बींना हुकूम करावा तर सरकार डळमळते. गप्प बसावे तर राष्ट्राच्या स्थापनेमागचे तत्त्वच खोटे पडते. त्यांनी मधला मार्ग काढला. १७ ऑगस्ट १९६४ रोजी क्नेसेतची, म्हणजे तेथील संसदेची, खास बैठक बोलावली. बेने इस्रायल हे सर्व बाबतींत ज्यूच आहेत, त्यांच्यात आणि इतरांत सरकार कोणताही भेद मानीत नाही, आणि रब्बी मंडळाने जनमताची दखल घेऊन भेदभावाचे कारण दूर करावे, अशी सरकारची भूमिका तेथे मांडली गेली. क्नेसेतने तिला पाठिंबा दिला. दोन आठवड्यांतच, ऑगस्टच्या अखेरीस, रब्बी मंडळाने सूचनांतून 'बेने इस्रायल' हे नाव काढले आणि त्या जागी, ज्या कोणाविषयी शंका असेल अशी कोणतीही व्यक्ती, असे सर्वसाधारण शब्द घातले.

कोणी म्हणेल, झडती तर राहिलीच. खरे आहे. रब्बींचा अधिकार राहिला, आणि नंतरच्या वर्षांतही अधूनमधून तक्रारी येत राहिल्या. पूर्ण विजय म्हणावा असा हा नव्हता. पण फलकावरून एका समाजाचे नाव पुसले गेले. करारनाम्यातला एक शब्द बदलून घेण्यासाठी किती रात्री जागाव्या लागतात हे ज्यांनी अनुभविले आहे, ते ह्या विजयाला लहान म्हणणार नाहीत.

येथे एक कटू गोष्ट सांगितली पाहिजे. बेने इस्रायलांच्यात स्वतःमध्येच 'गोरे' आणि 'काळे' असे दोन भाग होते. बाहेरच्या स्त्रीशी झालेल्या संबंधातील संततीला 'काळे' म्हणत, आणि 'गोरे' त्यांच्याशी सोयरीक करीत नसत. म्हणजे जी चौकशी जेरुसलेमला अपमानास्पद वाटली, तिच्यासारखीच चौकशी कोकणात घरच्या ओसरीवर चालत होती. हा दोष त्यांनी कोठून घेतला हे सांगताना आपणच मान खाली घातली पाहिजे. न्याय मागणाऱ्याचे हात स्वच्छ असतातच असे नाही; तरी त्याची मागणी न्याय्य असू शकते.

आता दुसरी बाजू. एश्कोल यांच्या कारकिर्दीतील आणखी एक चांगली गोष्ट म्हणजे इस्रायलच्या अरब नागरिकांवर १९४८ पासून असलेला लष्करी अंमल त्यांनी १९६६ च्या डिसेंबरपासून उठविला. तोवर त्या माणसांना दुसऱ्या गावी जावयाचे तरी लष्करी परवाना लागे. त्याच सुमारास अर्थव्यवस्थेला लगाम घालण्याच्या धोरणामुळे देशात मंदी आली आणि १९६७ च्या आरंभी बेकारी दहा टक्क्यांच्या आसपास गेली. कामगार संघटनेतून आलेल्या पंतप्रधानाच्या राज्यात हे घडले, हेही नोंदविले पाहिजे.

मग मे १९६७ उजाडला. इजिप्तच्या नासर यांनी सिनाईत सैन्य आणले आणि संयुक्त राष्ट्रांचे सैन्य तेथून काढण्यास सांगितले. त्या सैन्यात आपले भारतीय जवानही होते, आणि पुढे युद्ध पेटल्यावर त्यांतील काही गाझात इस्रायली माऱ्यात बळी पडले. सेनापती युद्धासाठी उतावीळ झाले होते. एश्कोल वाटाघाटींसाठी वेळ मागत होते. २८ मे रोजी रेडिओवर भाषण वाचताना खाडाखोड केलेल्या कागदामुळे ते अडखळले, आणि देश घाबरला. १ जून रोजी त्यांना संरक्षण खाते मोशे दायान यांच्याकडे द्यावे लागले. ५ जूनला युद्ध सुरू झाले आणि सहा दिवसांत सिनाई, गाझा, यार्देन नदीचा पश्चिम किनारा, पूर्व जेरुसलेम आणि गोलान टेकड्या इस्रायलच्या हाती आल्या.

विजयाच्या त्या धुंदीत एश्कोल यांनी आपल्या सहकाऱ्यांना दिलेली उपमा प्रसिद्ध आहे : हुंडा तर मिळाला, पण त्याच्याबरोबर नको असलेली वधूही आली. हुंडा म्हणजे जमीन, वधू म्हणजे तिच्यावरची अरब माणसे. अडचण त्यांना पहिल्या दिवसापासून कळली होती. १९ जूनला मंत्रिमंडळाने शांततेच्या मोबदल्यात सिनाई आणि गोलान सोडण्याची तयारी ठरविली. पण पश्चिम किनाऱ्याचा निर्णय पुढे ढकलला. सप्टेंबरच्या आरंभी खार्टूमला अरब राष्ट्रांनी मान्यता, वाटाघाट आणि तह यांना नकार दिला. त्याच महिन्यात पश्चिम किनाऱ्यावर क्फार एत्झिओन येथे पहिली ज्यू वसाहत उभी राहिली, तीही एश्कोल यांच्या संमतीने. निम्मा चहा, निम्मी कॉफी. सोडावयाचे नाही आणि तेथील माणसांना नागरिकही करावयाचे नाही. २६ फेब्रुवारी १९६९ रोजी एश्कोल हृदयविकाराने पंतप्रधानपदावर असतानाच वारले. सिनाई १९७९ च्या तहानंतर इजिप्तला परत मिळाले. पश्चिम किनारा आणि गाझा यांचा प्रश्न मात्र अजून सुटलेला नाही, आणि ऑक्टोबर २०२३ नंतर दोन्हीकडे किती माणसे त्यापायी मेली हे आपण वर्तमानपत्रांतून वाचले आहे.

माणूस तोच, स्वभाव तोच, रीतही तीच. मग १९६४ ची तडजोड मान राखून गेली आणि १९६७ ची टाळाटाळ गळ्यात धोंड होऊन का पडली? माझ्या मते फरक एश्कोल यांच्यात नव्हता. तो टेबलाभोवती कोण होते यात होता. १९६४ साली ज्यांचा प्रश्न होता ती माणसे बायकामुलांसह जेरुसलेमच्या रस्त्यावर बसली होती. त्यांना मत होते, नागरिकत्व होते, त्यांचे नाव क्नेसेतमध्ये घेतले जात होते. त्यांना टाळून करार लिहिणे शक्यच नव्हते. १९६७ साली पश्चिम किनारा आणि गाझा येथील लाखो माणसांचा निर्णय ज्या खोलीत झाला, त्या खोलीत त्यांच्यातला एकही नव्हता. अरब राष्ट्रांचे प्रमुख खार्टूमला जमले, तेव्हाही निर्णय त्यांच्यासाठी इतरांनीच घेतला.

आमच्या धंद्यात नव्या कार्यकर्त्याला एक गोष्ट पहिल्यांदा शिकवावी लागते. कायम कामगारांचा करार करताना बदली आणि कंत्राटी कामगारांचा प्रश्न 'पुढे पाहू' म्हणून बाजूला ठेवला, की करारावरची शाई वाळते, पेढे वाटले जातात, आणि दहा वर्षांनी त्याच प्रश्नावर गिरणी बंद पडते. म्हणून सही करण्यापूर्वी खोलीत कोण नाही ते मोजून घ्यावे.

जून २०१६ मध्ये महाराष्ट्र सरकारने ज्यूंना अल्पसंख्याक समाजाचा दर्जा दिला. आता येथे काही हजारच उरले आहेत. इस्रायलमध्ये दिमोना, अश्दोद, बीरशेबा, लोद ह्या गावी त्यांची वस्ती आहे, आणि 'मायबोली' नावाचे त्यांचे मराठी नियतकालिकही तेथे निघाले. पुढच्या खेपेस ठाण्यास गेलात तर टेंभी नाक्यावर क्षणभर थांबा. त्या दारातून गेलेल्या माणसांनी परक्या मुलखात जाऊन, आमचे नाव फलकावरून काढा, एवढीच मागणी केली होती, आणि ती बसून, न हटता, मान्य करून घेतली होती.